दीड वाजण्याआधीचे ६२ दिवस

करंजाच्या धक्क्यावर सकाळचा लिलाव उरकतो, कोळणी टोपल्या उचलतात, खलाशी जाळी झाडायला बसतात, आणि हात मोकळे झाले की नजर पाण्यापलीकडे जाते. पलीकडे मुंबई. गावामागच्या द्रोणागिरीवर चढून गेलात आणि हवा स्वच्छ असली, तर मनोऱ्यांची रांगच्या रांग दिसते. हनुमान संजीवनीचा डोंगर घेऊन निघाला तेव्हा त्याचा एक तुकडा इथे पडला, तोच हा द्रोणागिरी, असे इथली माणसे पिढ्यान्‌पिढ्या सांगत आली आहेत. डोंगराची कथा अशी जिवापाड जपणाऱ्या गावाला समोरच्या एका मनोऱ्याची कथाही ठाऊक असायला हवी. त्या मनोऱ्याच्या तळघरात १२ मार्च १९९३ रोजी दुपारी दीड वाजता जे फुटले, ते आपल्याच रायगडच्या किनाऱ्यावर उतरले होते.

जुन्या गॅझेटियरात उरणचा हा सगळा टापू ‘करंजा बेट’ म्हणून नोंदलेला आहे आणि तो पनवेल तालुक्याला जोडलेला होता. मुंबई बंदराच्या दारात बसलेले हे गाव. दारातल्या माणसाला आत काय जाते ते दिसते. म्हणून त्या दुपारचा घटनाक्रम मी शेअर बाजाराच्या दलाल स्ट्रीटवरून सुरू करत नाही. तो समुद्रावरून सुरू करतो.

९ जानेवारी १९९३ : ६२ दिवस आधी

मुंबई जळत होती. ६ डिसेंबरला अयोध्येत बाबरी मशीद पाडली गेली. त्यानंतर शहरात डिसेंबरमध्ये दंगल झाली आणि जानेवारीत तिचा दुसरा भडका उडाला. दोन्ही मिळून सुमारे ९०० माणसे मारली गेली. राज्याचे सगळे लक्ष शहराच्या गल्ल्यांवर होते. किनारा मोकळा पडला होता.

त्या दिवशी श्रीवर्धन तालुक्यात, राजपुरी खाडीच्या तोंडाशी असलेल्या दिघीच्या जेट्टीवर माल उतरला. रायगडात या प्रकाराला ‘लँडिंग’ म्हणत. शब्द जुना होता आणि कामही जुनेच. १९७० आणि ८० च्या दशकांत घड्याळे, कापड, चांदी, सोन्याची बिस्किटे अशीच उतरत. खाडीत मोठी बोट थांबायची, छोट्या होड्या फेऱ्या मारायच्या, धक्क्यावर ट्रक उभे असायचे, आणि ज्यांनी पाहायचे त्यांना न पाहण्याचे पैसे पोचायचे. या वेळी चांदीबरोबर शस्त्रेही होती.

ट्रक निघाले आणि गोंडघर फाट्यावर पोलिसांनी ते अडवले. या सगळ्या कहाणीतला हा पहिला क्षण, जिथे पुढचे सारे थांबू शकत होते. ट्रक समोर उभे होते, माल आत होता, वर्दी अंगावर होती. पण बोलणी झाली. सात लाख रुपयांवर सौदा ठरला. तेवढी रोकड हाताशी नव्हती, म्हणून चांदीच्या पाच विटा तारण ठेवून घेतल्या आणि ट्रक सोडून दिले. पुढे न्यायालयात हे सिद्ध झाले आणि त्या पोलिसांना शिक्षा झाली. पण ती शिक्षा २००६ नंतरची. ९ जानेवारीच्या रात्री ट्रक मुंबईच्या दिशेने गेले.

३ फेब्रुवारी : ३७ दिवस आधी

आता जागा शेखाडी. श्रीवर्धनजवळचे लहानसे किनारी गाव. ३ फेब्रुवारीला आणि पुन्हा ७ फेब्रुवारीच्या सुमारास इथे माल उतरला. सूत्रधार होता टायगर मेमन, माहीमचा तस्कर. या खेपांत आरडीएक्स हे स्फोटक होते. ते हाताळणारी पोरे त्याला ‘काळा साबण’ म्हणत. साबणासारखेच मऊ, हाताने दाबून हवे तिथे भरता येणारे. पण ते पेटले की स्फोटाची लाट सेकंदाला आठ किलोमीटरहून अधिक वेगाने धावते. करंजा ते रेवस ही खाडी तितक्या वेळात ओलांडून होईल आणि वर अंतर शिल्लक राहील.

शेखाडीहून माल म्हसळ्याकडच्या वांगणी टॉवरवर नेला गेला. तिथल्या राखणदाराचे तोंड बंद केले होते. टॉवरच्या आडोशाला गोण्या फोडल्या गेल्या आणि माल जीपगाड्यांच्या चोरकप्प्यांत भरला गेला. रायगडातून मुंबईला जाणारा हमरस्ता पनवेलवरून जातो. सुमारे दोनशे किलोमीटरचा प्रवास, वाटेत किती नाकी, किती चौक्या. कस्टम्सचे वरिष्ठ अधिकारीही या लँडिंगकडे डोळेझाक केल्याबद्दल पुढे दोषी ठरले. अतिरिक्त कलेक्टरच्या दर्जाचा माणूस त्यात होता. म्हणजे किनाऱ्यावरच्या शिपायापासून वरच्या खुर्चीपर्यंत साखळीतली एकेक कडी पैशाने सुटी केलेली होती.

मजूर म्हणून ज्यांना किनाऱ्यावर बोलावले होते, त्यांतल्या कित्येकांना आपण नेहमीची चांदी उतरवतो आहोत असेच वाटत होते. चोरट्या मालाला ‘आपले काय जाते’ म्हणण्याची सवय किनाऱ्याला लागली होती. त्या सवयीच्या आडून आरडीएक्स आत आले.

२६ फेब्रुवारी : १४ दिवस आधी

शुक्रवार होता. जगाच्या दुसऱ्या टोकाला, न्यूयॉर्कमध्ये, दुपारी बारा वाजून गेल्यावर वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या उत्तर मनोऱ्याखालच्या वाहनतळात स्फोटकांनी भरलेली व्हॅन फुटली. सहा माणसे मेली, हजाराहून अधिक जखमी झाली. धूर जिन्यांच्या पोकळीतून वर चढला आणि माणसे अंधारात तासन्‌तास पायऱ्या उतरत राहिली.

बातमी मुंबईच्या वर्तमानपत्रांतही आली. तिच्यात एक धडा होता. शंभर मजल्यांच्या इमारतीचे सर्वांत कच्चे दार तिच्या तळघरात असते, जिथे कुणाचीही मोटार चिठ्ठी फाडून आत जाते. बरोबर दोन आठवड्यांनी, शुक्रवारीच, तोच प्रकार दलाल स्ट्रीटवर घडला.

९ मार्च : ३ दिवस आधी

शिमगा नुकताच सरला होता. दंगलीच्या एका गुन्ह्यात पोलिसांनी मुंबईत एका तरुणाला पकडले. तो पाकिस्तानात शस्त्रांचे शिक्षण घेऊन आलेल्यांपैकी होता. चौकशीत त्याने बेत सांगून टाकला. शहरात स्फोट घडवायचे आहेत, मोठ्या इमारती लक्ष्य आहेत, असे तो बोलला. तपासाच्या ज्या हकिकती नंतर प्रसिद्ध झाल्या, त्यांत हे नोंदले गेले आहे, आणि त्याच्या बोलण्यावर विश्वास ठेवला गेला नाही हेही नोंदले गेले आहे. मार चुकवण्यासाठी पोरगा बाता मारतो आहे, असे वाटले.

कट रचणाऱ्यांनी मात्र त्याची अटक गंभीरपणे घेतली. तो बोलेल हे त्यांनी गृहीत धरले आणि बेत अलीकडे ओढला. ज्यांनी ऐकायला हवे होते त्यांनी ऐकले नाही, आणि ज्यांना भीती होती त्यांनी तीन दिवसांत काम उरकायचे ठरवले. दिघीनंतर थांबवण्याची ही दुसरी संधी होती. तीही गेली.

११ मार्च, रात्र : सुमारे १५ तास आधी

माहीमची दर्गा स्ट्रीट, अल-हुसैनी इमारत. मेमन कुटुंबाची घरे याच इमारतीत होती. खालच्या गॅरेजांत रात्रभर काम चालले. मोटारी, जीप, व्हॅन आणि स्कूटर ओळीने उभ्या होत्या. डिकीत, आसनांखाली, पोकळ्यांत काळा साबण दाबून भरला जात होता. हॉटेलांत न्यायच्या सूटकेसही भरल्या गेल्या. ठरावीक वेळाने पेटणाऱ्या टाइम पेन्सिली तयार होत्या. रमजानचा महिना होता. गल्लीत रात्री उशिरापर्यंत ये-जा असते, त्यामुळे गॅरेजातली वर्दळ कुणाच्या डोळ्यांवर आली नाही.

१२ मार्च, पहाट

टायगर मेमन पहाटेच्या विमानाने दुबईला निघून गेला. त्याच्या घरची माणसे त्याआधीच देशाबाहेर पडली होती. ज्यांच्या हातून काम करून घ्यायचे ते मागे राहिले.

त्याच पहाटे करंजाच्या होड्या नेहमीसारख्या समुद्रावर होत्या. तांडेल वारा पाहत होते, खलाशी डोलीची जाळी ओढत होते. शुक्रवार असल्याने बाजारात मासळीला मागणी असणार होती.

सकाळ : साडेतीन तास आधी

उरणच्या मोऱ्याहून भाऊच्या धक्क्याला जाणारी लाँच भरून निघाली. आमच्या तालुक्यातली किती माणसे तेव्हा फोर्टात कामाला होती! कुणी बँकेत शिपाई, कुणी गोदीत, कुणी दलालांच्या कचेऱ्यांत हरकाम्या. सकाळी डबा घेऊन लाँच पकडायची, संध्याकाळी शेवटच्या लाँचची वेळ सांभाळत परतायचे. त्यांच्यासाठी तो मनोरा म्हणजे रोजच्या वाटेवरची खूण होती. मुंबईवर कोसळलेले संकट पाण्याच्या या बाजूला परके नसते, ते या लाँचमुळे.

दुपारचे १२ : दीड तास आधी

आता मनोऱ्याकडे नीट पाहू, कारण तो अजून अखंड उभा आहे.

फिरोज जीजीभॉय टॉवर्स. मुंबई शेअर बाजाराची २९ मजली इमारत. १९६६ पासून १९८० मध्ये मृत्यू येईपर्यंत बाजाराचे अध्यक्ष राहिलेल्या फिरोज जीजीभॉय यांचे नाव तिला दिलेले आहे. बाजाराचे मूळ मात्र झाडाखाली सापडते. १८५० च्या दशकात टाउन हॉलसमोरच्या वडाखाली मूठभर दलाल जमत आणि तोंडी सौदे करत. संख्या वाढली तशी त्यांनी झाडे बदलली आणि शेवटी ज्या गल्लीत ठाण मांडले तिचे नावच दलाल स्ट्रीट पडले. १८७५ मध्ये त्यांची रीतसर संघटना झाली. आशियातला सर्वांत जुना शेअर बाजार तो हाच.

वडाखालची रीत १९९३ पर्यंत जिवंत होती. संगणकावरचे व्यवहार १९९५ मध्ये आले. तोवर ‘रिंग’मध्ये उभे राहून ओरडून भाव सांगायचे, हाताच्या खुणांनी सौदा पक्का करायचा आणि छोट्या वहीत पेन्सिलीने टिपून ठेवायचा. त्या आरड्याओरड्यात नवा माणूस गांगरून जाई. मुरलेल्या जॉबरला, म्हणजे रिंगमधल्या सौदेकऱ्याला, मात्र पन्नास आवाजांतून आपला भाव बरोबर ऐकू येई.

त्या वर्षी बाजार आधीच घायाळ होता. एप्रिल १९९२ मध्ये सेन्सेक्स ४४६७ वर चढला होता. मग शेअर दलाल हर्षद मेहताचा घोटाळा पत्रकार सुचेता दलाल यांनी उघडकीला आणला आणि तेजी कोसळली. मध्यमवर्गातल्या असंख्य घरांनी पहिल्यांदाच शेअर घेतले होते आणि पहिल्यांदाच हात पोळून घेतले होते. तरी दलाल स्ट्रीटची गर्दी ओसरली नव्हती. दुपारी तिथला रस्ता म्हणजे माणसांचा पूर असे. वडापाव, सँडविच, उसाचा रस, पानाच्या टपऱ्या, फॉर्म विकणारे, चहाचे पेले घेऊन धावणारी पोरे. कोट्यवधींचे सौदे वर होत आणि त्या सौद्यांच्या सावलीत शेकडो गरीब माणसे खाली पोट भरत.

त्या सावलीखाली, तळघराच्या वाहनतळात, एक मोटार आणून उभी केलेली होती. चालक उतरून निघून गेला होता.

दुपारी १.३० : शून्य

जेवणाची वेळ. रिंगमध्ये माणसे, जिन्यांत माणसे, लिफ्टसमोर माणसे, रस्त्यावर माणसे.

तळघर फुटले.

स्फोटाची लाट जमिनीखाली कोंडली गेली आणि वाट मिळेल तिथून वर आली. तळमजला उखडला. शेजारच्या कचेऱ्यांच्या भिंती आत ढकलल्या गेल्या. वरच्या मजल्यांच्या काचा फुटून चिंचोळ्या दलाल स्ट्रीटवर पावसासारख्या कोसळल्या. तळघरात आणि तळमजल्यावर जे होते त्यांना स्फोटाने गाठले. रस्त्यावर टपरीशी जे उभे होते, त्यांना काचांनी गाठले. या एका जागी ८४ माणसे मेली आणि २१७ जखमी झाली.

मनोरा पडला नाही. त्याचे खांब टिकले. धूर निवळला तेव्हा २९ मजले जागच्या जागी होते आणि पायथ्याशी प्रेते होती.

पहिला अर्धा तास कुणाला काही कळेना. कुणी म्हणाले बॉयलर फुटला, कुणी म्हणाले गॅस. बाँब हा शब्द मुंबईच्या तोंडी अजून बसला नव्हता. लोकांनी रुग्णवाहिकेची वाट पाहिली नाही. टॅक्सी, हातगाड्या, टेम्पो, जे मिळेल त्यात जखमींना घातले आणि जी. टी., सेंट जॉर्जेस, जे. जे. अशा रुग्णालयांकडे धाव घेतली. ज्या हमालांना रोज कुणी नावाने हाक मारत नव्हते, त्यांच्या हातगाड्यांनी त्या दुपारी जीव वाचवले.

१.३० ते ३.४० : दोन तास दहा मिनिटे

दुपारी २.१५. मस्जिद बंदरजवळ नरसी नाथा स्ट्रीट, काथा बाजार, धान्याच्या घाऊक व्यापाराची जागा. ४ मृत्यू.

२.३०. दादरला शिवसेना भवनाशेजारचा पेट्रोल पंप. ४ मृत्यू.

२.३३. नरिमन पॉइंट, एअर इंडिया इमारत. त्या दिवसाचा दुसरा मनोरा. २३ मजले, समुद्रात भर घालून काढलेल्या जमिनीवर १९७४ पासून उभा, माथ्यावर कंपनीचे बोधचिन्ह. समुद्रातून येणाऱ्या नावाड्यांना तो लांबून ओळखू येई. इथेही मोटार गाडीतळात होती, वर बँकेची कचेरी होती. २० मृत्यू.

पावणेतीनच्या सुमारास माहीमच्या मच्छीमार कॉलनीत हातबाँब फेकले गेले. ३ मृत्यू. कोळ्यांची वस्ती, आपल्याच जातकुळीची माणसे. त्याच सुमारास वरळीला सेंच्युरी बाजारसमोर त्या दिवसाचा सर्वांत भीषण स्फोट झाला. वर्दळीचा रस्ता, प्रवाशांनी भरलेली बेस्टची बस. ११३ मृत्यू.

३.०५. झवेरी बाजार, १७ मृत्यू. ३.१० च्या सुमारास वांद्र्याचे सी रॉक हॉटेल. ३.१३. दादरचे प्लाझा थिएटर, १० मृत्यू. मराठी माणसाच्या कित्येक पिढ्यांनी चित्रपट पाहिले ते प्लाझा. ३.२०. जुहूचे सेंटॉर हॉटेल. मग सहार विमानतळावर हातबाँब. ३.४०. विमानतळाजवळचे सेंटॉर हॉटेल, २ मृत्यू.

बारा ठिकाणे. २५७ मृत्यू. ७१३ जखमी. सुमारे २७ कोटी रुपयांच्या मालमत्तेची हानी. भारतात आरडीएक्सचा एवढा मोठा वापर त्याआधी झाला नव्हता.

यादी पुन्हा वाचा. शेअर बाजार, विमान कंपनीची इमारत, सोन्याचा बाजार, हॉटेले, विमानतळ. शहराच्या कमाईची एकेक जागा वेचून काढली होती. आणि शिवसेना भवन, मच्छीमार कॉलनी, प्लाझा या जागा दंगल पुन्हा भडकावी म्हणून निवडल्यासारख्या दिसतात. मनोरे पाडणे हा अर्धा बेत होता. शेजाऱ्याला शेजाऱ्याच्या अंगावर घालणे हा उरलेला अर्धा.

संध्याकाळ : तेरावा स्फोट

शरद पवार यांना मुख्यमंत्री होऊन जेमतेम आठवडा झाला होता. त्या संध्याकाळी दूरदर्शनवर त्यांनी बारा नव्हे, तेरा स्फोटांची माहिती दिली. तेरावे नाव मुस्लिम वस्तीच्या भागाचे होते. तो स्फोट झालेलाच नव्हता. दोन्ही समाज बळी पडले आहेत असे शहराला वाटावे, बदल्याच्या भावनेने कुणी रस्त्यावर उतरू नये, म्हणून आपण तसे मुद्दाम सांगितले, हे त्यांनी नंतर स्वतःच जाहीरपणे सांगितले आहे.

राज्याच्या प्रमुखाने लोकांना खोटे सांगावे का, यावर वाद होत राहिला आणि तो व्हायलाच हवा. माझे मत स्पष्ट आहे. डिसेंबर-जानेवारीत ज्या शहराने ९०० माणसे गमावली होती, त्या शहरात १२ मार्चच्या रात्री दंगल झाली नाही. रुग्णालयांसमोर रक्तदात्यांच्या रांगा लागल्या आणि रक्ताच्या बाटलीवर धर्म लिहिलेला नव्हता. न झालेल्या तेराव्या स्फोटाचा त्या शांततेत वाटा असेल, तर ते बोलणे त्या रात्रीपुरते मी मान्य करतो.

रात्र : वरळीतली व्हॅन

वरळीत एक मरून रंगाची मारुती व्हॅन बेवारस सापडली. आत सात एके-५६ रायफली आणि हातबाँब होते. व्हॅनचा नोंदणी क्रमांक पोलिसांना सरळ माहीमच्या अल-हुसैनीत घेऊन गेला. घराला कुलूप होते. तपासाची सूत्रे वाहतूक शाखेचे तेव्हाचे उपायुक्त राकेश मारिया यांच्या हाती सोपवली गेली. काही तासांत नावे कळली. दोन दिवसांनी दादरला नायगावच्या रस्त्यावर न फुटलेली स्कूटर सापडली आणि ती निकामी करण्यात आली.

६२ दिवस जे कुणाला दिसले नाही, ते स्फोटानंतर एका रात्रीत दिसू लागले. पाहायचे ठरवले की दिसते, हा त्याचा अर्थ.

१५ मार्च, सोमवार

शेअर बाजार उघडला. शनिवार-रविवारात ढिगारे उपसले होते. फुटलेल्या काचांच्या जागी नुसत्या चौकटी होत्या. तरी रिंगमध्ये पुन्हा भाव पुकारले गेले. ‘मुंबई थांबत नाही’ ही म्हण त्या सोमवारनंतर लोकांच्या तोंडी अधिकच रुळली. या म्हणीचा अभिमान वाटावा यात चूक नाही. पण ८४ घरांत तो सोमवार उगवला तेव्हा काहीच चालू झाले नव्हते, हेही त्या म्हणीबरोबर सांगितले पाहिजे.

मनोऱ्याभोवती पुढेही कथा जमत गेल्या. जानेवारी २००८ मध्ये सोलापूरचे शिल्पकार भगवान रामपुरे यांनी घडवलेला कांस्याचा बैल दारात बसवला आणि त्याच महिन्यात बाजार कोसळला. बैलाची दिशा चुकली, अशी कुजबुज गल्लीत सुरू झाली. संकटाचे कारण मूर्तीच्या दिशेत शोधणे माणसाला सोपे वाटते. १९९३ चे कारण मात्र कुठल्याही दिशेत नव्हते. ते गोंडघर फाट्यावर ठेवून घेतलेल्या चांदीच्या पाच विटांत होते.

त्यानंतरची वर्षे

खटला टाडा या दहशतवादविरोधी कायद्याखालच्या, न्यायाधीश प्रमोद कोदे यांच्या विशेष न्यायालयात चालला. सरकारी वकील उज्ज्वल निकम. ६८४ साक्षीदार. १२ सप्टेंबर २००६ पासून निकाल देण्यास सुरुवात झाली आणि १२३ आरोपींपैकी १०० दोषी ठरले. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल २१ मार्च २०१३ रोजी आला. टायगरचा भाऊ याकूब मेमन याला ३० जुलै २०१५ रोजी नागपूर कारागृहात फाशी दिली गेली. टायगर मेमन आणि या कटातला दुसरा फरारी आरोपी दाऊद इब्राहिम आजही न्यायालयासमोर आलेले नाहीत.

समुद्राच्या बाबतीत धडा शिकायला सरकारने लगेच सुरुवात केली. १९९३ मध्येच महाराष्ट्र आणि गुजरातच्या किनाऱ्यावर नौदल, तटरक्षक दल, कस्टम्स आणि पोलीस यांची संयुक्त गस्त सुरू झाली. तिला ‘ऑपरेशन स्वान’ असे नाव दिले. तरी २६ नोव्हेंबर २००८ रोजी ‘कुबेर’ ही मासेमारी नौका पळवून आलेले दहा हल्लेखोर रबरी होडीतून बधवार पार्कला उतरले. त्यांना पहिल्यांदा हटकले ते तिथल्या कोळ्यांनी. पोरे परकी आहेत, सामान जड आहे, वागणे विचित्र आहे, हे कोळ्याच्या नजरेने टिपले. पण ती नजर नियंत्रण कक्षापर्यंत वेळेत पोचवणारी वाट नव्हती. गस्तीच्या मोठ्या जहाजापेक्षा त्या क्षणी एक फोन जास्त मोलाचा ठरला असता.

मग २२ सप्टेंबर २०१६. उरणमध्ये शाळेतल्या मुलांनी सांगितले की काळ्या कपड्यांतली, शस्त्रे घेतलेली माणसे पाहिली. काश्मीरमधल्या उरीच्या लष्करी तळावरच्या हल्ल्याला चारच दिवस झाले होते. नौदलापासून पोलिसांपर्यंत सगळ्यांनी बेट पालथे घातले. काही सापडले नाही. तेव्हा काहींनी मुलांची थट्टा केली. मला त्या शोधमोहिमेचे मोल फार वाटते. १९९३ मध्ये पकडलेल्या तरुणाने स्वतःहून सांगितलेले कुणी ऐकले नव्हते. २०१६ मध्ये शाळकरी पोरांनी सांगितले आणि सगळा किनारा जागा झाला. खोटे ठरलेले शंभर इशारे परवडतात. न ऐकलेली एक खबर परवडत नाही.

आज करंजासमोर काय काय आहे ते पाहा. न्हावा-शेवाचे बंदर, ओएनजीसीचा प्रकल्प, नौदलाची ठिकाणे, आणि १२ जानेवारी २०२४ पासून शिवडीला न्हाव्याशी जोडणारा २१.८ किलोमीटरचा अटल सेतू. मुंबई आता पाण्यापलीकडे राहिलेली नाही. मनोरे या बाजूलाही उगवत आहेत. त्यांच्या दारात धातुशोधक बसतील, तळघरात कॅमेरे लागतील, आणि ते लागलेच पाहिजेत. पण १९९३ चा घटनाक्रम सांगतो की तळघरात पोचेपर्यंत फार उशीर झालेला असतो. मोजणी किनाऱ्यावर सुरू होते, एखाद्या अनोळखी होडीपासून, वेळी-अवेळी उभ्या राहिलेल्या ट्रकपासून, आणि ‘आपले काय जाते’ या तीन शब्दांपासून.

म्हणून करंजाच्या, मोऱ्याच्या, रेवसच्या, दिघीच्या आणि शेखाडीच्या प्रत्येक नाखव्याला, तांडेलाला आणि कोळणीला माझी विनंती आहे. परकी होडी दिसली, रात्रीचा अवेळी उतरणारा माल दिसला, तर गप्प बसू नका. तटरक्षक दलाचा क्रमांक १५५४ आहे. सागरी पोलिसांचा १०९३ आहे. हे दोन आकडे होडीच्या केबिनमध्ये, देवाच्या तसबिरीखाली, मोठ्या अक्षरांत लिहून ठेवा.